आग्वा आणि आग्वास

पाणी अंगावर पडलं तेव्हा मी मान वर करून उभा होतो. मला कळत नाही ते हेच. सकाळी अकराच्या सुमाराला मी दोन्सेलेस रस्त्यानं चाललो होतो, नेहमीच्याच फुटपाथवरून. दुसऱ्या मजल्यावरच्या एका मोलकरणीनं फरशी पुसलेल्या पाण्याची बादली सज्ज्यातून खाली ओतली. ओतण्याआधी रीतीप्रमाणे ती ओरडली, "आग्वास!" चांगली खणखणीत ओरडली. माझ्या पुढचा लॉटरीची तिकिटं विकणारा म्हातारा टुणकन बाजूला झाला, दोन बायका भिंतीला चिकटल्या, एक कुत्रंसुद्धा शहाण्यासारखं सरकलं. आणि मी, याच मेक्सिको शहरात, इथून चार गल्ल्या सोडून जन्मलेला माणूस, जागच्या जागी थांबलो आणि वर बघितलं. कुणीतरी पाणी देतंय, कुठे आहे, असं वाटून बघितलं. क्षणभरच. मग कोट, टोपी, कॉलर, आतल्या खिशातलं पत्र, सगळं भिजलं.

"बहिरे आहात का हो?" मोलकरीण कठड्यावरून वाकून म्हणाली. "एवढा घसा ताणून ओरडले ना मी!"

"ओरडलीस," मी म्हणालो. "ऐकलं मी."

"मग हलला का नाहीत?"

लॉटरीवाला म्हातारा तेवढ्यात म्हणाला, "मास्तर, आंघोळ झालीच आहे, आता तिकीटही घेऊन टाका." दोघी बायका हसल्या. मीही हसलो, हसावं लागतं, आणि टोपीतलं पाणी झटकून चालायला लागलो. आग्वा म्हणजे पाणी. आग्वास हे त्याचंच अनेकवचन, पण या शहरात त्या अनेकवचनाचा पाण्याशी काही संबंध उरलेला नाही. पणजोबांच्या काळी लोक खिडकीतून नको ते खाली फेकायचे आणि फेकण्याआधी असं ओरडायचे म्हणतात. तेव्हापासून आग्वास म्हणजे सांभाळा, मागे बघा, बाजूला व्हा, पोलीस आला, सासू आली. ट्राम आली तरी आग्वासच. विचार करावा लागत नाही, पाय आपोआप उचलतात. छत्तीस वर्षं माझे उचलले. आजच उचलले नाहीत. आजच, जेव्हा बारा वाजता चिन्याच्या कॅफेत मला प्रोकोपिओ उआरोकोच्या मुलीला भेटायचं होतं.

मी टाइपरायटर दुरुस्त करतो. सांतो दोमिंगोच्या कमानींखाली लोकांची पत्रं टाइप करून देणारे जे कारकून बसतात, त्यांची यंत्रं माझ्याकडे येतात. यंत्र न उघडता, नुसत्या आवाजावरून मी सांगतो की कोणतं अक्षर अडकतंय. याचा मला गर्व आहे, आणि बायको म्हणते तसा जरा जास्तच आहे. माझ्या कानावर अख्खी कमान विश्वास ठेवते. आणि या कानानं अकरा वर्षांपूर्वी माझ्याच तोंडून निघालेला एक शब्द नीट ऐकलेला नाही. म्हणजे ऐकला असेल; पण मी तो इतक्या वेळा पुन्हा ऐकायला गेलो की आता काय ऐकलं आणि काय ऐकायचं होतं याचा पत्ता लागत नाही. खिशातलं ओलं पत्र मी चालता चालता बाहेर काढलं. शाई पसरली होती, पण मला ते पाठच होतं. 'मान्यवर मास्तर, माझे वडील उत्तरेकडे रेल्वेच्या कामावर वारले. तुम्ही तिथे होता असे कळते. गावात म्हणतात की ते आपणहून गाडीखाली गेले. ते खरे आहे का, एवढेच मला विचारायचे आहे. मी गुरुवारी राजधानीत येईन. एउलालिया उआरोको.' पत्र माझ्याच कमानीखाली, माझ्याच हाताखालून गेलेल्या एखाद्या यंत्रावर टाइप झालं असेल असं मी आधी उगीच मनाशी घेतलं होतं. तसं नव्हतं. तिच्या मुलखातल्या मोरेलियाच्या पोस्टाचा शिक्का होता.

एवढेच विचारायचे आहे. एवढंच! मला तर पत्र आल्यापासून चार दिवस जेवण गेलं नाही. खरं सांगायचं तर उत्तर सोपं आहे: नाही, बाई, तुझे वडील आपणहून गेले नाहीत. पण असं म्हटलं की ती विचारणार, मग कसे गेले? आणि तिथून पुढे माझंच नाव लागतं.

युद्धात अमेरिकेची तरणी माणसं लढायला गेली आणि त्यांच्या रुळांना माणसं पुरेनात, तेव्हा आम्हाला बोलावलं. स्टेडियमवर भरती होती. भरती करणारे तळहात बघायचे, घट्टे आहेत का ते. माझे हात टाइपरायटरचे, बाईसारखे मऊ; मी आठवडाभर विटेवर तळवे घासले. रांगेत माझ्यापुढे एक बुटका, रुंद माणूस उभा होता, त्याचे केस इतके काळे की संशय यावा. दुपारी ऊन चढलं आणि त्याच्या कानामागून काळे ओघळ वाहायला लागले. बुटाचं पॉलिश, वय लपवायला! मी माझा रुमाल त्याला दिला. त्यानं दोन्ही हातांनी घेतला, मान वाकवली, आणि म्हणाला, "ताता." त्यांच्या डोंगरात वडीलधाऱ्याला ताता म्हणतात. मी पंचविशीचा, तो पन्नाशी ओलांडलेला, आणि तो मला ताता म्हणत होता. पुढे गँगमध्ये सगळे त्यालाच ताता म्हणायला लागले, ताता प्रोकोपिओ, आणि तो सगळ्यांनाच, अगदी मुकादमालाही. मिचोआकानच्या डोंगरातला, पुरेपेचा जमातीचा माणूस. आमची भाषा त्याला वीस शब्दांपुरती यायची. हो, नाही, भाकरी, उद्या, देवाची कृपा. आणि आग्वा.

नेवाडाच्या वाळवंटात आमची गँग मालगाडीच्या जुन्या डब्यांत राहायची. डाल्ग्रेन नावाचा आमचा मुकादम, उंच, उन्हानं सोललेला, सगळ्यांना 'होसे' म्हणायचा. बावीस माणसं आणि बावीसही होसे. स्लीपर बदलायचे, खडी ठोकायची, खिळे मारायचे, आणि जेवायला गोड पाव आणि मेंढीचं पांचट कालवण. हालिस्कोचा कुको होता, आमच्यातला तोंडाळ. तो डाल्ग्रेनच्या तोंडावर, हसत हसत, आमच्या भाषेत म्हणायचा, "मुकादमसाहेब, ही मेंढी म्हातारपणानं मेली की तुमची सूपं पिऊन?" आणि डाल्ग्रेन मान डोलवून म्हणायचा, "गुड, होसे." तातांना पहिल्याच आठवड्यात घणाचं काम झेपेना हे दिसलं, म्हणून त्यांच्याकडे पाणी आलं. त्यांनी लाकडाची कावड स्वतः तासली, दोन बाजूंना दोन डबे टांगले. टाकीपासून गँगपर्यंत दिवसभर खेपा. कुणी "आग्वा!" म्हणून हाक दिली की ते दुडक्या चालीनं निघायचे, नजर डब्यांवर, एक थेंब सांडू द्यायचा नाही. आणि दुसऱ्यांदा हाक मारायची वेळ कुणावर येऊ द्यायची नाही. कुणी चुकून दोनदा ओरडलंच तर ते खरोखर दुखावायचे, पाणी द्यायचे आणि बाजूला तोंड करून उभे राहायचे. कुको मुद्दाम दोनदा ओरडायचा. मी त्याला शिव्या द्यायचो. मला तातांविषयी जिव्हाळा होता, हे मी आता सोईनं म्हणतोय असं नाही. संध्याकाळी डब्याच्या पायरीवर बसून ते मला त्यांच्या भाषेतले शब्द शिकवायचे आणि मी चुकलो की तोंडावर हात ठेवून हसायचे. पाण्याला इत्सी. तेवढा एक राहिला, बाकीचे गेले.

मला पहाऱ्यावर ठेवलं ते हातांच्या मऊपणामुळंच. वळणाच्या तोंडाशी उभं राहायचं, गाडी दिसली की शिट्टी फुंकायची आणि ओरडायचं. डाल्ग्रेननं शब्द ठरवून दिला होता: त्रेन. गाडी. दोन्ही भाषांत जवळजवळ सारखा, कुणालाही कळावा असा, तातांच्या वीस शब्दांत तोही होता. मग मी तो का ओरडलो नाही? इथं मी दर वेळी अडकतो. टाकुबा रस्ता ओलांडताना आज पुन्हा अडकलो आणि एका टॅक्सीवाल्यानं माझ्या आईचा उद्धार केला. गँगमध्ये मला 'राजधानीवाले' म्हणायचे. मीही तसाच वागायचो, खोटं कशाला बोलू. खेड्यातल्या माणसांत मी शहरी शब्द पेरायचो, त्यांना ते आवडायचे, महिन्याभरात कुकोसकट अर्धी गँग आग्वास म्हणायला लागली होती. फावडं पडलं, आग्वास. डाल्ग्रेन आला, आग्वास. सगळ्यांना कळायचं. सगळ्यांना म्हणजे, तातांना कळतं का हे कुणी विचारलंच नव्हतं. त्यांच्यासमोर फावडं पडताना कुणी ओरडलं असेल तर ते काय समजले असतील? एकदा, आता आठवतं, कुको आग्वास म्हणाला आणि ताता पाणी घेऊन आले होते. आम्ही पोट धरून हसलो होतो. मी पण हसलो होतो. की हे मी नंतर रचलं? इतकं चपखल आहे की रचलेलंच असावं. पण मग त्या दिवशी कुकोनं पाणी घेतलं आणि तातांच्या खांद्यावर थोपटलं, हे थोपटणं मला कसं दिसतं?

मे महिना होता. जर्मनी पडून आठ-दहा दिवस झाले होते आणि वेळापत्रकात नसलेल्या गाड्या पश्चिमेला धावत होत्या, सैनिक आणि तोफा भरून, जपानकडे. डोंगर कापून काढलेला रस्ता, एकच रूळ, मधे वळण. मी वळणाच्या तोंडाशी, गँग माझ्यापासून दोनशे पावलांवर रुळावर वाकलेली, आणि ताता आमच्या दोघांच्या मधे, रुळाच्या पलीकडे, खडकाच्या सावलीत कावड टेकवून बसलेले. पलीकडे. म्हणजे सुरक्षित. हे मी लिहून देऊ शकतो: ते हलले नसते तर त्यांच्या केसालाही धक्का लागला नसता. तीनचा सुमार. माझ्या तोंडाला कोरड पडली होती, तासभर पडली होती, ओठ दातांना चिकटत होते. मला पाणी हवं होतं आणि हाक मारायचा कंटाळा येत होता, कारण हाक मारली की ताता रूळ ओलांडून माझ्याकडे येणार आणि मला तेवढ्यासाठी त्यांना उन्हात आणायचं नव्हतं. असं मला वाटत होतं, असं मला आज वाटतं. मग गाडी दिसली. शिट्टी ओठांत धरली तर नुसती हवा. कोरड्या ओठांत शिट्टी घट्ट बसत नाही आणि वाजत नाही हे मला त्या दिवशी कळलं. मग मी ओरडलो.

काय ओरडलो? अकरा वर्षं मी चार उत्तरं आलटून पालटून ऐकतो. एक: गाडी दिसली आणि शहरातल्या सवयीनं, विचार न करता, आग्वास. दोन: गाडी दिसण्याआधीच, तहान असह्य होऊन, आग्वा, मग गाडी दिसली आणि घाबरून आग्वास. तीन: आधी आग्वास, ते उठले हे दिसलं, आणि मग त्रेन, त्रेन, त्रेन, पण तोवर इंजिनाचा आवाज सगळ्यावर. चौथं उत्तर मी फार जवळ येऊ देत नाही. त्यात मी फक्त आग्वा म्हणालो, पाणी मागितलं, आणि गाडी मला दिसलीच नव्हती. शेवटच्या स चा प्रश्न आहे. कापलेल्या डोंगरात आवाज घुमतो, स तर हवेतच विरतो. गँगनं ऐकलं आणि सगळे उड्या मारून रुळाबाहेर झाले. म्हणजे स होता. पण त्यांनी कदाचित इंजिन ऐकलं असेल. ताता उठले, कावड खांद्यावर घेतली, नजर डब्यांवर, आणि माझ्याकडे दुडक्या चालीनं निघाले. म्हणजे स नव्हता. पण त्यांना स असला काय, नसला काय. मी दोन्ही हात हलवले. पाणी लवकर हवंय म्हणून हात हलवतोय असं त्यांना वाटलं असणार, कारण त्यांनी चाल वाढवली. दुसऱ्यांदा हाक मारू द्यायची नाही ना! आणि मी तर ओरडतच होतो, किती वेळा कोण जाणे.

चौकशीला कंपनीचा एक साहेब आला आणि बरोबर टेक्सासमध्ये जन्मलेला एक दुभाष्या, आमच्यासारखाच काळा, पण टाय लावलेला. डब्यात खुर्च्या मांडल्या. साहेबानं विचारलं, दुभाष्यानं मला विचारलं, "तू काय ओरडलास?"

"आग्वास," मी म्हणालो. हे मात्र नक्की, तिथं मी हेच म्हणालो. दुभाष्या साहेबाला इंग्रजीत चार शब्द बोलला. साहेबानं लिहून घेतलं.

"काय सांगितलंत त्यांना?" मी विचारलं.

"तू धोक्याचा इशारा दिलास असं सांगितलं. माझी आई तुमच्या शहरातली आहे, मला कळतो तो शब्द." त्यानं आवाज खाली आणला. "इशारा दिलास ना?"

"दिला."

"मग झालं तर. उगाच गुंता वाढवू नकोस."

त्यानं भाषांतर चुकीचं केलं असतं तर खरं बाहेर आलं असतं. पाणी, असं लिहिलं गेलं असतं, साहेबानं भुवया उंचावून विचारलं असतं, पाणी का? पण माणूस हुशार निघाला, त्यानं अर्थ बरोबर पोचवला, आणि कागदावर आलं की इशारा देऊनही मयत इसम रुळावर गेला. त्या संध्याकाळी कुको माझ्याजवळ येऊन बसला. "राजधानीवाले," तो म्हणाला, नेहमीच्या चेष्टेच्या सुरात सुरुवात केली आणि सूर तुटला, "त्या बिचाऱ्यासाठी साधं गाडी म्हणायला काय झालं होतं रे?" त्यानं पुन्हा कधी विचारलं नाही. माझा पत्ता तिला त्यानंच दिला असणार.

चिन्याच्या कॅफेत ती आधीच येऊन बसली होती. ओळखायला वेळ लागला नाही: निळ्या-काळ्या पट्ट्यांचा शेला, दोन वेण्या, आणि बापाचीच ती रुंद बसण्याची पद्धत, खुर्ची कुणी काढून घेईल अशी. तिशीची असेल. मी दारातच परत फिरावं असा विचार केला, आणि विचार पुरा होण्याआधी टेबलापाशी पोचलोही होतो.

"तुम्हीच मास्तर किन्योनेस?" तिनं विचारलं. "ओले कसे झालात?"

"वरून पाणी टाकलं एकीनं."

"मग ओरडली नाही ती? इथं तर ओरडतात म्हणे."

"ओरडली," मी म्हणालो. "मला कळलं नाही."

मला आधी हवापाण्याच्या चार गोष्टी करायच्या होत्या, दूध-कॉफी मागवायची होती, तिच्या प्रवासाचं विचारायचं होतं. त्याऐवजी मी खुर्चीवर बसता बसताच सांगायला लागलो. शब्द सांगितला, दोन्ही शब्द सांगितले, शिट्टी, वळण, खडकाची सावली, कावड. चारही उत्तरं सांगितली, अगदी चौथंसुद्धा. मधे चिनी येऊन कॉफी ठेवून गेला, न मागता. माझं संपलं तेव्हा तिनं शेल्यातून घडीचा कागद काढला, तोच, चौकशीचा, इंग्रजीतला, घड्यांवर फाटलेला, आणि माझ्यापुढे सरकवला.

"हे आमच्या शाळेतल्या गुरुजींनी वाचून दाखवलं. 'इशारा देऊनही.' पाद्रीबाबांनी ऐकलं आणि म्हणाले, इशारा देऊनही माणूस जातो म्हणजे काय ते तुम्हीच समजा. त्यांच्या नावानं प्रार्थना करायला नाही म्हणाले." ती सावकाश बोलत होती, परक्या भाषेत बोलणारा माणूस बोलतो तसं, प्रत्येक शब्द खाली ठेवून. "आई म्हणाली, माझ्यावर रागावून गेले होते, म्हणून केलं. निघायच्या दिवशी भांडण झालं होतं त्यांचं, ते पॉलिश लावण्यावरून. अकरा वर्षं ती स्वतःला खाते आहे. नोव्हेंबरात सगळे मेलेले घरी येतात, लांबून चालत येतात, म्हणून आम्ही पाण्याचे पेले भरून ठेवतो. आजीचा, मामांचा, माझ्या धाकट्या बहिणीचा. त्यांचा ठेवत नाही. जो आपणहून गेला त्याला कसं बोलवायचं, असं आई म्हणते."

खरंच सांगतो, मला वाईट वाटलं त्यात थोडी स्वतःविषयीची कीवही होती, ती कुठे जाते. "ते आपणहून गेले नाहीत," मी म्हणालो. "मी बोलावलं."

"ते कळलं मला. पण तुम्ही चार तऱ्हा सांगितल्या. आईला चार कशा सांगू? तिला तुमची भाषा येत नाही. सांभाळा म्हणजे पाणी कसं, हे मला आमच्या भाषेत सांगताच येणार नाही. आमच्यात पाणी म्हणजे पाणी." तिनं कॉफीचा पेला दोन्ही हातांत धरला, प्यायली नाही. "तुम्ही पाणी मागितलं होतं की नाही?"

"मला माहीत नाही."

"माहीत नाही म्हणजे?"

"म्हणजे माहीत नाही, बाई! मला माहीत असतं तर मी अकरा वर्षं कशाला..." शेजारच्या टेबलावरचा माणूस वळून बघायला लागला. मी आवाज खाली आणला. "तहान लागली होती. ते खरं."

"तहान लागली होती," ती म्हणाली. हे तिनं प्रश्नासारखं म्हटलं नाही. मला वाटलं आता उठेल. शिव्या देईल, किंवा न देताच जाईल, आणि मी परत माझ्या चार उत्तरांपाशी. कदाचित मला तेच हवं होतं. तिथं मी निदान रुळलेला आहे.

"मग मिळालं का?" तिनं विचारलं.

"काय?"

"पाणी. मिळालं का तुम्हाला?"

हे मला कुणी विचारलं नव्हतं. साहेबानं नाही, दुभाष्यानं नाही, कुकोनं नाही. आणि एवढं एकच मला नक्की ठाऊक होतं. गाडी थांबली नाही, सैनिकांची गाडी होती, शेवटचा डबा गेला आणि धूळ बसायच्या आत मी रुळापाशी पोचलो. कावड मोडली होती. एक डबा चेपला होता, दुसरा माझ्या बाजूला खडीवर तोंड वर करून पडला होता, तळाशी चार बोटं पाणी राहिलेलं. गँग पलीकडून धावत येत होती. ताता कुठे पडलेत हे मला दिसत होतं. आणि मी तो डबा उचलला, दोन्ही हातांनी, तोंडाला लावला आणि प्यायलो. शेवटच्या थेंबापर्यंत प्यायलो. मग त्यांच्याकडे गेलो. बायकोला सांगितलं नाही, चर्चमध्ये कबुलीच्या खिडकीत सांगितलं नाही, आणि चिन्याच्या कॅफेत भर दुपारी, ओल्या कोटात, मी हे त्या माणसाच्या मुलीला सांगितलं. सांगताना तिच्याकडे बघवलं नाही.

"सगळं प्यायलात?" तिनं विचारलं.

"सगळं."

"गार होतं?"

"नाही. कोमट होतं. पत्र्याची चव लागत होती."

तिनं कागद उचलला, होता त्याच घड्यांवर परत घडी घातली आणि शेल्यात ठेवला. "रविवारी पाच वाजता मोरेलियाची बस असते," ती म्हणाली. "तिथून पुढे मी नेईन. आईसमोर बसायचं आणि तिला सांगायचं. काय ओरडलात ते नको. एवढंच सांगा मास्तर, की पाणी पोचलं."